कड्यावरची गोधडी

एकदा चित्रित केलेलं काहीही पुसायचं नाही, हा निनाद देवस्थळीचा एकमेव धर्म. तो त्यानं इतका कडक पाळला की घटस्फोटाच्या वेळी त्याच्या बायकोनं वकिलाला सांगितलं, "या घरात माझ्या साड्यांना एक कपाट नाही, आणि नदीत अंथरलेल्या परक्या साड्यांचं चित्रण ठेवायला चार आहेत." बाईचं काही चुकलं नव्हतं.

निनाद कलावंतांच्या अवाढव्य कामांचं चित्रण करायचा. कुणी नदीच्या कोरड्या पात्रात मैलभर साड्या अंथरायचं, कुणी पवनचक्क्यांच्या डोंगरावर पोकळ बांबू रोवून वाऱ्याकडून सूर वाजवून घ्यायचं, कुणी अख्ख्या गावाच्या भिंती एका रंगात रंगवायचं. अशा कामांची गोम अशी की ती टिकत नाहीत. साड्या पुरात जातात, बांबू कुणीतरी मांडवाला नेतं, भिंतींवर निवडणूक येते. शिल्लक राहतं ते निनादचं चित्रण. त्यामुळे हे मोठमोठे कलावंत, एरवी कुणाच्या बापाचं न ऐकणारे, निनादनं "जरा डावीकडं सरका" म्हटलं की निमूट सरकायचे.

त्याच्या दोन सवयी साऱ्या क्षेत्रात प्रसिद्ध होत्या. पहिली, चित्रणाआधी पाणी मारणं. रस्ता असो, भिंत असो, दगड असो, ओला केला की रंग उघडतो. कोरडा दगड कॅमेऱ्यात राखेसारखा दिसतो. हे कुठल्याही कॅमेरावाल्याला ठाऊक असतं, पण निनाद त्या बाबतीत हट्टीच होता. दुसरी, मनासारखं चित्रण झालं तरी वर "एक अजून" घेणं. पहिलं बिघडलं तर हाताशी असावं म्हणून.

"निन्या," शलाका मोहिते त्याला म्हणायची, "तुला चितेवर ठेवला ना, तरी उठून म्हणशील, जरा पाणी मारा, आणि एक अजून."

शलाका आणि तो कलाशाळेत एका बाकावरचे. दोघांची साठी केव्हाच उलटून गेली होती, पण एकमेकांना हाका मारायची तऱ्हा विशीतलीच होती. निनादनं ज्यांचं ज्यांचं काम टिपलं, त्या सगळ्यांत शलाकाचं काम उलट्या रीतीचं होतं. बाकीच्यांची कामं पहिल्या दिवशी पूर्ण असायची आणि मग झिजत जायची. शलाकाचं काम पहिल्या दिवशी जवळजवळ काहीच नव्हतं.

ती सह्याद्रीच्या माथ्यावरच्या सोनाटवाडीची. गावामागं उत्तरेकडं तोंड करून एक काळा कडा उभा आहे, सहामजली इमारतीएवढा उंच आणि शाळेच्या मैदानाएवढा रुंद. पंचवीस-सव्वीस वर्षांपूर्वी शलाका दोरांना लटकून त्या कड्यावर दगडफुलाचे नखाएवढाले तुकडे चिकटवत सुटली. गोड्या मसाल्यात घालतात तेच दगडफूल, आणि त्याचे रंगीत चुलतभाऊ: शेंदरी, पिवळे, राखी, मोरचुदासारखे हिरवट. त्यांना ती ताक आणि भाताची पेज पाजायची. सोनाटवाडीत तेव्हा सगळ्यांची खात्री पटली होती की मोहित्यांची पोर मुंबईला जाऊन बिघडली.

दगडफूल वर्षाला वाढतं ते तांदळाच्या दाण्याएवढं. पण वाढतं. ठिपक्यांची ठिगळं झाली, ठिगळं एकमेकांकडं सरकू लागली, आणि दहा-बारा वर्षांनी गावाला दिसायला लागलं की कड्यावर गोधडी आहे. शलाकाच्या आईच्या, हौसाबाईंच्या हातची असायची तशी, चौकोनात चौकोन. आणि यातली खरी गंमत पुढंच होती. दोन दगडफुलं वाढत वाढत एकमेकांना भिडली की मध्ये एक बारीक काळी रेघ उमटते. दोघंही तिथं थांबतात. शलाकानं सगळं काम त्या रेघेसाठी मांडलं होतं. ठिगळं तिनं लावली होती. टाके कड्यानं घालायचे होते.

"माझी आई गोधडी संपवताना शेवटच्या ठिगळाखाली भाकरीचा तुकडा घालायची," तिनं एकदा निनादच्या कॅमेऱ्यासमोर सांगितलं होतं. "गोधडी उपाशी निजवू नये म्हणायची. मी पेज घालते. या गोधडीचे सगळे टाके पडलेले बघितले की मी मरायला मोकळी."

हे बोलताना ती ठणठणीत होती.

सहा वर्षांपूर्वी निनादच्या हाती श्वासक आला. कॅमेराच तो, पण झाडापानांसाठी बनवलेला. त्यातून निळ्या प्रकाशाचे झपाझप झोत सुटत. हिरव्या पानावर उजेड पडला की पान त्यातला बराचसा अन्न शिजवायला वापरतं, आणि उरलेल्यातला थोडा तांबूस होऊन परत फेकतं. तो उजेड आपल्या डोळ्याला दिसत नाही, श्वासकाला दिसतो. तो किती आणि कसा परत आला यावरून पान किती जिवंत आहे हे कळतं. अशी दोन-चार चित्रणं जुळवली की यंत्र पुढचा हिशेबही मांडायचं: हे झाड दहा वर्षांनी कसं दिसेल, पन्नास वर्षांनी कसं. त्या पुढच्या दृश्याला लोक पुढचित्र म्हणू लागले होते. शेतकी खात्यानं त्यावर बागा तोलल्या, जंगलखात्यानं वणवे. निनादला मात्र पहिल्यांदा आठवला तो सोनाटवाडीचा कडा.

पहिलं पुढचित्र त्यानं शलाकाच्या ओसरीवर भिंतीवर पाडून दाखवलं होतं. चार-पाच वर्षांत पहिले टाके, पंधराव्या वर्षी मधलं ठिगळ बंद, तिसाव्या वर्षी अख्खी गोधडी. शलाका बघतच राहिली आणि मग उठून आत गेली. बाहेर आली ती डोळे पुसत, दोन कप चहा घेऊन.

तेव्हापासून निनाद दर चैत्रात, वैशाखात, मार्गशीर्षात कड्याशी यायचा. श्वासकाला बारकावे मिळावेत आणि साध्या कॅमेऱ्याला रंग, म्हणून त्यानं कड्याच्या माथ्यावरून तुषारांची नळी टाकून घेतली होती आणि तिचा कॉक खाली पायथ्याशी बसवला होता. कॉक फिरवला की कडा वरून खाली ओला होत यायचा. आधी राख, मग एकदम शेंदूर आणि हिरवं. गावची माणसं बघायला जमायची. चित्रण झालं की निनाद म्हणायचा, "एक अजून." अर्ध्या तासात दगड तापून कोरडा झालेला असायचा, म्हणून तो पुन्हा कॉक फिरवायचा.

*

डॉ. फरझाना मुजावर साताऱ्याला असत. दगडफुलांच्या जाणकार. निनाद दर वर्षीचं चित्रण त्यांच्याकडं पाठवायचा. यंदाचं पाहून त्यांनी त्याला बोलावून घेतलं. तो आला तेव्हा त्यांच्या पडद्यावर यंदाचं पुढचित्र लावलेलं होतं.

कडा मधोमध काळा पडत होता. डाग वर्षागणिक पसरत कडेला गेला आणि पंधराव्या वर्षी पडद्यावर नुसता दगड उरला.

"यंत्रात काही बिघाड?" निनादनं विचारलं.

"मीही आधी तेच म्हटलं. म्हणून चार दिवसांपूर्वी स्वतः जाऊन मधल्या भागाचे नमुने आणले. देवस्थळी सर, मधला भाग मेलेला आहे. गेल्या वर्षीच्या चित्रणानंतर कधीतरी गेला असावा."

"अहो, मी गेल्या महिन्यात बघितलाय. रंग आहे तिथं."

"तुमच्या घरातल्या मसाल्याच्या डब्यात दगडफूल असेल ना? ते कधी मेलं हे त्याच्याकडं बघून सांगता येतं का? रंग मागं राहतो, आणि मग एखाद्या पाण्याला एकदम धुऊन जातो."

डॉक्टर बाईंनी खुर्ची जवळ ओढली आणि शाळेतल्या मुलाला सांगावं तसं सांगितलं. दगडफूल म्हणजे एक जीव नाही, दोघांचा संसार आहे. घर बुरशीचं, चूल शेवाळ्याची. पाणी नसेल तेव्हा दोघंही झोपून जातात, महिनोन्महिने. त्या झोपेत ऊन लागो, झोत पडोत, त्यांना काही होत नाही. पाणी मिळालं की जागे होतात. पण जाग आल्या आल्या आधी साठवणीतलं खर्च होतं. चूल पेटून कमाई सुरू व्हायला वेळ लागतो. पावसाळ्यात ते आठवडेच्या आठवडे ओले असतात, खर्च भरून निघतो. उन्हाळ्यात भर दुपारी ओलं करून अर्ध्या तासात वाळू दिलं, तर नुसता खर्च. त्यात जागं असताना डोळ्यांवर झोत मारले, तर चूलच जळते.

"पण कंपनीनं लिहून दिलंय, निर्धोक आहे म्हणून," निनाद म्हणाला. "दगडफुलावर चाचण्या केल्यात त्यांनी."

"केल्यात. मी वाचल्या. कोरड्या नमुन्यांवर केल्यात. कोरड्या दगडावर पाणी मारून मग चित्रण करतील, हे त्यांच्या डोक्यात कसं यावं?" त्या थांबल्या. "तुम्ही प्रत्येक वेळी पाणी मारत होता?"

"दोनदा," निनाद म्हणाला. "दर वेळी दोनदा."

शलाकाचं सव्वीस वर्षांचं काम, आणि सहा वर्षांत ते कुणी मारलं तर त्यानं. जपून ठेवता ठेवता मारलं. दुसऱ्या कुणी ही गोष्ट केली असती तर निनादनं त्या माणसाला जन्मभर तोंड दाखवू दिलं नसतं.

"पूर्वेकडचा एक तृतीयांश अजून जिवंत आहे," डॉक्टर बाई म्हणाल्या. "अगदी काठावर. त्याच्या गाठीला काही उरलेलं नाही. पाऊस लागेपर्यंत त्याला थेंबभर पाणी लागू देऊ नका, तर तगेल. एकदा जरी मध्येच जागं केलंत, तर ते गेलं. शलाकाताईंना मी सांगू का?"

"नको. मी सांगतो. मलाच सांगू द्या."

*

शलाकाला पोटाचा कर्करोग होता. दिवाळीत कळलं, संक्रांतीला डॉक्टरांनी हात टेकले. पाऊस बघेल असं कुणी म्हणत नव्हतं. ती सोनाटवाडीच्या घरी ओसरीवर खाट टाकून पडलेली असायची, अंगावर आईची गोधडी. एवढीशी झाली होती. आवाज मात्र अजून पहिल्यासारखाच खणखणीत होता.

"आलास? तोंड का असं एरंडेल प्यायल्यागत?"

"घाट लागला जरा."

"चाळीस वर्षं घाट चढतोयस, आज लागला व्हय?" तिनं उशाला हात टेकून बसायचा प्रयत्न केला. "यंदाचं पुढचित्र आणलंस? दाखव बघू."

निनादनं वाटेभर वाक्यं जुळवली होती. शलू, एक वाईट बातमी आहे. शलू, माझ्या हातून चूक झाली. एसटीत ती बरी वाटली होती. आता त्यातलं एकही तोंडातून बाहेर येईना. तिचे डोळे भिंतीवर लागले होते, दिवाळीचे कपडे येणार म्हटल्यावर लहान मुलांचे लागतात तसे.

त्याच्या पिशवीत दोन्ही होती. यंदाचं, आणि सहा वर्षांपूर्वीचं पहिलं. त्यानं पहिलं लावलं. लावण्याआधी दृश्याच्या कोपऱ्यातलं साल तेवढं झाकून टाकलं. भिंतीवर टाके पडत गेले. गोधडी पुरी झाली.

"आधीच्यासारखंच दिसतंय की रे," शलाका म्हणाली.

"मग? अंदाज बरोबर निघाला म्हणजे तसंच दिसणार."

ती हसली. हसता हसता खोकली. निनादनं पाण्याचा पेला पुढं केला. तिला सुखानं जाऊ दे, तो स्वतःला सांगत होता. पूर्वेची बाजू तगेल, पावसात मी पुन्हा तुकडे लावीन, पेज घालीन, उरलं आयुष्य तेवढंच करीन. तिला कळायची काय गरज आहे? खोटं बोलणाऱ्याला आपलं खोटं नेहमी दयाळूच वाटतं.

"निन्या," ती म्हणाली, "मला कड्यापाशी घेऊन चल."

"आत्ता? या उन्हात?"

"मग काय श्रावणात? श्रावणात मी कुठं असणार? एकदा भिजवून दाखव मला. भिंतीवर नको, डोळ्यांनी बघायचीय."

"शलू, तब्येत बघ तुझी. ऊन उतरू दे, पुढच्या आठवड्यात—"

"पुढचा आठवडा तुझ्या खिशात आहे का?" तिचा आवाज एकदम खाली आला. "चाळीस वर्षांत कधी काही मागितलं का रं तुझ्याकडं? सगळ्या जगाला पाणी मारून दाखवलंस. मला एकदा दाखव."

खरं सांगायची ती वेळ होती. निनादला ते कळत होतं. पण आता खरं सांगायचं म्हणजे दोन गोष्टी सांगायच्या: गोधडी मेली ही, आणि आत्ता भिंतीवर पाहिलंस ते खोटं होतं ही. पहिली कदाचित तिनं सोसली असती. तो म्हणाला, "चल."

*

प्लास्टिकच्या खुर्चीला दोन बांबू बांधून भावकीतल्या चौघांनी तिला कड्याच्या पायथ्याशी आणलं आणि ते लांब करंजाच्या सावलीत जाऊन बसले. दुपार झाली होती. कड्यावर ऊन तिरकं उतरलं होतं. गोधडी कोरडी, राखी, झोपलेली होती. शलाकानं येताना लोट्यातून पेज आणली होती. ती तिनं निनादला कड्याच्या बुडाशी ओतायला लावली.

"उपाशी नको," ती म्हणाली. "आता घे. चित्रण करतोयस ना?"

त्यानं कॅमेरा तिकाटण्यावर चढवला. श्वासकाचे झोत बंद ठेवले. तेवढंच त्याच्या हातात होतं, आणि तेवढ्यानं काही होणार नव्हतं. मग तो कॉकपाशी गेला. हे कॉक फिरवणं त्यानं किती वेळा केलं होतं, गप्पा मारत, विडी ओढत. आज त्याला तो लोखंडी कान जड लागला. त्यानं फिरवला.

पाणी माथ्यावरून उतरलं. पूर्वेची बाजू जागी झाली, आधी हिरवी, मग शेंदरी, मग पिवळी. दोन ठिगळांच्या मध्ये एक काळी रेघ स्पष्ट उठली. खरा टाका. शलाका खुर्चीत पुढं झुकली. ती नुसता हात वर करून त्या रेघेकडं दाखवत राहिली.

मग तिची नजर मध्यावर आली. तिथं पाणी निथळत होतं आणि रंग येत नव्हता. ओल्या दगडाचा काळा, त्यावर राखेचा थर.

ती बराच वेळ बघत होती. निनादनं कॅमेऱ्याच्या भिंगाला डोळा लावला, कारण तिच्याकडं बघणं त्याला शक्य नव्हतं.

"निन्या, मध्ये पाणी लागलं नाही रे नीट," मागून आवाज आला. "सुकंच राहिलंय. एक अजून मार."

त्यानं वळून पाहिलं. तिच्या चेहऱ्यावर पूर्ण विश्वास होता. पाणी कमी पडलंय, एवढंच. ज्याला ती चाळीस वर्षं या दोन शब्दांवरून चिडवत आली होती, त्यालाच ती ते शब्द म्हणत होती. निनादनं कॉक पुरता उघडला. पाण्याचा पडदा सगळ्या कड्यावरून उतरला. पूर्वेच्या शेंदरीवरून, हिरव्यावरून, त्या एका टाक्यावरून. मध्य काळाच राहिला.

"असू दे," शेवटी शलाका म्हणाली. "तिथं वेळ लागत असंल. पुढं पडतील टाके. पडतील ना?"

"पडतील," निनाद म्हणाला.

नवव्या दिवशी ती गेली.

*

श्रावणात डोंगरावरचा प्रत्येक दगड हिरवा झाला होता. सोनाटवाडीचा कडा तेवढा तव्यासारखा काळा होता, पूर्वेपासून पश्चिमेपर्यंत. खाली बुडाशी, जिथं पेज ओतली होती, तिथं साधं शेवाळ माजलं होतं. डॉ. मुजावर छत्री धरून बराच वेळ उभ्या राहिल्या. त्यांनी एक खपली नखानं उचलली, तर ती नखाबरोबर निघून आली.

"पावसाच्या आधीच पाणी लागलं होतं याला," त्या म्हणाल्या. "मी सांगितल्यावर. कुणी सोडलं?"

निनादनं ती खपली त्यांच्याकडून घेऊन रुमालात बांधली.

"ताईंच्या कामाला पैसे देणाऱ्या कला न्यासाला अहवाल द्यावा लागेल मला. लोकं विचारतायत. त्या दिवशी तुम्ही ताईंना इथं आणलं होतं असं गावात म्हणतात. चित्रण केलं असणारच तुम्ही. मूळ चित्रण हवंय, आवाजासकट."

"देतो," तो म्हणाला.

घरी येऊन त्यानं ते उघडलं. चित्रात फक्त कडा होता आणि पाणी. माणसं कुठं दिसत नव्हती. आवाज मात्र सगळे होते: पेजेचा लोटा ठेवल्याचा, पाखरांचा, आणि तिचा. आता घे. सुकंच राहिलंय. एक अजून मार.

त्याला सोडवणारं जे काही होतं, ते त्या आवाजात होतं. बाईनं स्वतः सांगितलं, दोनदा सांगितलं, असं तो म्हणू शकला असता. आणि हे ऐकल्यावर लोक काय म्हणाले असते, तेही त्याला ठाऊक होतं. शेवटी हट्टानं तिनंच आपलं काम संपवलं. तिला कुणी काही सांगितलंच नव्हतं, हे विचारायला कोण बसलंय? ती भिंतीवर काय बघून आली होती, ते तर त्याच्याशिवाय कुणालाच माहीत नव्हतं.

शलाकाचा आवाज त्याच्या कपाटांत तासन्तास होता, पण तो धडधाकट शलाकाचा. आजारातला, पडतील ना विचारणारा, एवढाच होता. चाळीस वर्षांत काहीही न पुसलेल्या माणसानं तो एकदा शेवटपर्यंत ऐकला. संपल्यावर बोट आपसूक मागं गेलं, पुन्हा पहिल्यापासून लावायला. एक अजून.

त्यानं बोट उचललं, आवाज पुसून टाकला, आणि मुकं चित्रण डॉ. मुजावरांना पाठवलं. सोबत एकच ओळ लिहिली: पाणी मी सोडलं, तिनं नको म्हटलं होतं.